ठाणे स्टेशन: नेहमी विचारले जाणारे प्रश्न (आणि काही जे लोक चालत्या गर्दीत विचारतात)

भारतातली पहिली ट्रेन खरंच ठाण्याला आली होती का?

हो, आली होती. फक्त "पहिली पॅसेंजर ट्रेन" असं म्हणा, नाहीतर चेन्नईवाले वाद घालतील आणि त्यांचंही चूक नाहीये, कारण मद्रासजवळ रेड हिल्सला १८३७ मध्येच दगड वाहायला रेल्वे होती आणि रुरकीला १८५१ मध्ये कालव्याच्या कामावर माती ओढायला इंजिन आणलं होतं. पण तिकीट काढून माणसं बसायची तशी रेल्वे १६ एप्रिल १८५३ ची, बोरीबंदर ते ठाणे. दुपारी साडेतीनच्या सुमाराला २१ तोफांची सलामी देऊन गाडी सुटली. १४ डबे, साधारण ४०० पाहुणे, ओढायला तीन इंजिनं आणि त्यांची नावं साहिब, सिंध आणि सुलतान. मधे सायनला पाणी भरायला थांबली. अंतर ३४ किलोमीटर आणि वेळ लागला साधारण सव्वा तास. आज सगळी स्टेशनं घेत जाणारी स्लो लोकल तेवढंच अंतर तासाभरात कापते, म्हणजे १७० वर्षांत आपण किती मिनिटं वाचवली याचा हिशोब तुम्हीच करा.

ही रेल्वे इंग्रजांनी एकट्यांनीच आणली का?

कंपनी त्यांची होती, ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे म्हणजे जीआयपी, लंडनच्या पार्लमेंटने १८४९ मध्ये कायदा करून काढलेली. पण मुंबईत रेल्वे हवी म्हणून मागे लागलेल्यांत नाना शंकरशेट आणि सर जमशेटजी जीजीभॉय ही दोन नावं ठळक आहेत. नानांनी तर कंपनीच्या ऑफिससाठी स्वतःच्या घरात जागा दिली होती. चीफ इंजिनिअर जेम्स बर्कले. ही जीआयपीच पुढे ५ नोव्हेंबर १९५१ ला मध्य रेल्वेत गेली, म्हणून ठाण्याला अजूनही काही म्हातारे लोक "जीआयपी लाईन" म्हणताना सापडतात.

ठाणे किती वर्षं शेवटचं स्टेशन होतं?

जेमतेम एक वर्ष! १ मे १८५४ ला गाडी खाडी ओलांडून कल्याणला पोचली आणि ठाणे मधलं स्टेशन झालं. माझ्या मते या स्टेशनाची सगळी कुंडली इथेच आहे. ते एका टोकाचं स्टेशन म्हणून सुरू झालं, मग ते मधलं झालं, मग जंक्शन झालं, आणि प्रत्येक वेळी जागा तीच, पश्चिमेला गाव आणि पूर्वेला कोपरी, दोन्हीकडून वस्ती चिकटलेली, त्यामुळे नवीन लाईन आली की मधेच कुठेतरी घुसवायची. अमुक गाडी तिकडून का आणि हा ब्रिज इथेच का संपतो, असल्या बऱ्याच प्रश्नांचं उत्तर त्यातच आहे.

स्टेशनचा कोड टीएनए का? ठाणेचा टीएच का नाही?

इंग्रज टन्ना किंवा ठाणा असं लिहायचे त्यातून आलाय. मोबाईल ॲपमध्ये टीएनए टाकलं की लगेच सापडतं, एवढंच लक्षात ठेवा.

एकूण प्लॅटफॉर्म किती आणि माझी गाडी कुठे लागते?

१ ते १० आणि वर एक १०अ. एक नंबर पश्चिमेला, म्हणजे सॅटिसच्या (बसच्या उंच डेकच्या) बाजूला, आणि दहा नंबर पूर्वेला कोपरीच्या बाजूला. ढोबळ हिशोब असा की पश्चिमेकडचे प्लॅटफॉर्म स्लो लोकलचे आणि ठाण्यातून सुटणाऱ्या गाड्यांचे, मधले ५ आणि ६ फास्टचे, त्याच्या पलीकडे बाहेरगावच्या मेल-एक्सप्रेस, आणि ९, १०, १०अ हे ट्रान्स हार्बरचे म्हणजे वाशी, नेरूळ, पनवेल. पण हा ढोबळच हिशोब आहे, गाड्या लेट असल्या की फास्ट लोकल स्लोवर येते आणि अनाऊन्समेंट नेमकी तुम्ही चुकीच्या जिन्याने खाली उतरल्यावर होते, त्यामुळे ब्रिजवरच इंडिकेटर बघा, खाली उतरून बघू नका. एकदा खाली उतरलात की परत वर चढायला लागणारा वेळ हा गाडी सुटायच्या वेळेपेक्षा नेहमीच जास्त असतो.

नवी मुंबईहून येऊन फास्ट पकडणाऱ्यांनी खास लक्षात ठेवा, दहा नंबरवरून पाच-सहाला जायचं तर ब्रिजवर अख्ख्या कोपरीची आणि अख्ख्या ऐरोलीची गर्दी तुमच्या समोरून येत असते. गाडीत बसतानाच विचार करा की ठाण्याला कुठला जिना जवळ पडणार आणि त्या बाजूच्या डब्यात बसा. रोजचे लोक सीट बघून डबा निवडत नाहीत, जिना बघून निवडतात.

पाच-सहा नंबर रुंद केला ना, मग अजून गर्दी का?

केला. ३१ मे २०२४ पासून ६३ तासांचा मेगाब्लॉक (म्हणजे कामासाठी रूळ बंद) घेतला होता, त्या विकेंडला सीएसएमटीलाही काम होतं त्यामुळे ९०० च्या वर लोकल रद्द झाल्या आणि लोकांना सरळ सांगितलं की शक्य असेल तर घरूनच काम करा. ठाण्याला पाच नंबरच्या बाजूचा रूळ सरकवून आधीच तयार केलेले सिमेंटचे ब्लॉक आणून ठेवले आणि प्लॅटफॉर्म दोन-तीन मीटरने रुंद झाला. फरक पडलाय, म्हणजे आधी एका बाजूला कल्याणची फास्ट आणि दुसऱ्या बाजूला सीएसएमटीची फास्ट एकाच वेळी आली की स्टॉलच्या शेजारून माणूस आडवा होऊन जायचा, ते कमी झालं. पण जिने तेवढेच आहेत ना. प्लॅटफॉर्म रुंद केला तरी माणसं शेवटी जिन्याच्या तोंडाशीच गोळा होतात. २९ सप्टेंबर २०१७ ला एल्फिन्स्टन रोडच्या पुलावर चेंगराचेंगरीत २३ जण गेले, त्यानंतर मुंबईभर पादचारी पुलांकडे गंभीरपणे बघायला सुरुवात झाली, तोपर्यंत पूल म्हणजे जाता जाता करायचं काम होतं.

इंडिकेटरवर ते एन आणि एस काय असतं? मी एस म्हणजे सीएसएमटी समजून चढणार होतो.

बरं झालं विचारलंत! एस म्हणजे कर्जत. एन म्हणजे कसारा. कल्याणच्या पुढे लाईन दोन दिशांना फुटते, एक ईशान्येला कसाऱ्याकडे आणि एक आग्नेयेला कर्जतकडे, त्या नॉर्थ-ईस्ट आणि साऊथ-ईस्ट लाईनची ही पहिली अक्षरं. बाकीची सोपी आहेत, टी म्हणजे ठाणे, के म्हणजे कल्याण, ए म्हणजे अंबरनाथ, डीएल डोंबिवली, टीएल टिटवाळा, बीएल बदलापूर. त्याच्या शेजारी स्लो का फास्ट, आणि डबे किती, १२ की १५. डब्यांचा आकडा दुर्लक्ष करू नका, कारण तुम्ही प्लॅटफॉर्मच्या टोकाला उभे राहिलात आणि गाडी निघाली १२ डब्यांची तर मग पळावं लागतं आणि तुमच्यासोबत अजून पन्नास जण पळत असतात.

लेडीज आणि फर्स्ट क्लासचा डबा कुठे येणार हे गाडी यायच्या आधी कसं कळतं?

वर बघा, छताच्या कडेला किंवा खांबांवर तिरके पट्टे रंगवलेले असतात. हिरवे-पिवळे म्हणजे लेडीज, लाल-पिवळे म्हणजे फर्स्ट क्लास. नवीन माणसाला हे कोणीच सांगत नाही, सगळे जन्मतः माहीत असल्यासारखे उभे असतात. काही लेडीज डबे दिवसभर लेडीज असतात आणि काही फक्त ठरावीक वेळेत, ते डब्यावरच लिहिलेलं असतं, चढताना वाचा. पुरुषांनी चुकून चढलं तर दंड होतो, आणि दंडाच्या आधी आतल्या बायका जे बोलतात ते जास्त लागतं.

ट्रान्स हार्बर लाईन कधी सुरू झाली? ती कुठे कुठे जाते?

२००४ मध्ये, ठाणे ते वाशी. त्याआधी ठाण्याच्या माणसाला वाशीला लोकलने जायचं तर कुर्ल्यापर्यंत खाली जाऊन हार्बर पकडून परत वर यायचं, किंवा बसने ऐरोलीच्या ट्रॅफिकमध्ये बसायचं. आता ठाण्याहून दिघा गाव, ऐरोली, रबाळे, घणसोली, कोपरखैरणे, तुर्भे, तिथून एक फाटा सानपाडा-वाशी आणि दुसरा जुईनगर-नेरूळ आणि पुढे पनवेल. दिघा गाव हे सगळ्यात नवं, स्टेशन बांधून तयार होतं पण उद्घाटन १२ जानेवारी २०२४ ला झालं. उरणला जायचं असेल तर नेरूळला उतरून गाडी बदला.

एक गोष्ट बऱ्याच ठाणेकरांनाही माहीत नसते, मध्य रेल्वेची पहिली एसी लोकल मेन लाईनवर धावली नाही, ती या ट्रान्स हार्बरवर जानेवारी २०२० मध्ये आली. तेव्हा ती रिकामी धावते म्हणून लोक हसायचे. नंतर मे २०२२ मध्ये एसीच्या सिंगल तिकिटाचे दर निम्म्याने कमी झाले आणि मेन लाईनच्या एसीत आता सकाळी दार बंद व्हायला मारामार असते.

पारसिकचा बोगदा आता लोकलला का लागत नाही?

मुलांना खूप आवडायचा तो, ओरडायची सगळी. १९१६ चा बोगदा, साधारण १.३ किलोमीटर, कळवा-मुंब्र्याचा वळसा टाळून फास्ट गाड्या डोंगरातून सरळ दिव्याकडे नेण्यासाठी खोदलेला. ठाणे ते दिवा पाचवी-सहावी लाईन २००८ मध्ये मंजूर झाली आणि वापरात आली फेब्रुवारी २०२२ मध्ये, त्यासाठी ७२ तासांचा ब्लॉक घेतला होता, चौदा वर्षांत मुलगा बालवाडीतून कॉलेजच्या दारात पोचतो. तर ती झाल्यावर फास्ट लोकल मुंब्र्याच्या बाजूने नव्या रुळांवरून जायला लागल्या आणि जुना बोगदा मेल-एक्सप्रेसला दिला. फायदा असा की बाहेरगावची गाडी लेट आली म्हणून तुमची बदलापूर फास्ट आधीसारखी मागे अडकून राहत नाही, निदान त्या पट्ट्यात तरी.

ठाण्याहून सीट मिळेल का?

सकाळी? कल्याणहून, डोंबिवलीहून भरून येणाऱ्या फास्टमध्ये नाही. चढायला मिळालं तरी नशीब. ठाण्यातून सुटणाऱ्या स्लो लोकलमध्ये मिळेल, म्हणूनच तर "ठाणे लोकल" ही अर्ध्या शहराची लाडकी गाडी आहे, पण त्यातही गाडी लागते तेव्हा अर्धी सीट आधीच भरलेली असते कारण मुलुंडची मंडळी उलटी बसून ठाण्याला येतात आणि उतरतच नाहीत. यासाठी त्यांच्याकडे तेवढ्या अंतराचा पास असायला हवा, नसेल आणि टीसी आला तर विषय वेगळा.

बसलेल्याला "कुठे उतरणार?" विचारणं इथे उद्धटपणा नाहीये, ते बुकिंग आहे. तो म्हणाला घाटकोपर, की घाटकोपरपासून ती सीट तुमची आणि आजूबाजूचे पण ते मान्य करतात. तीनच्या बाकावर चौथी सीट म्हणजे अर्धी मांडी बाहेर, ती मागायची पद्धत "जरा सरका" एवढीच, आणि ग्रुपवाले बसलेले असतील, भजन चालू असेल तर टाळ वाजवणाऱ्याच्या कोपराच्या अंतरावर बसू नका. दसऱ्याच्या आदल्या दिवशी डब्याला झेंडूची तोरणं लावून पूजा करतात, पेढे वाटतात, त्या दिवशी अनोळखी डब्यात चढलात तरी प्रसाद मिळतो.

दारात उभं राहू का, हवा लागते.

नको. ९ जून २०२५ ला मुंब्र्याजवळच्या वळणावर दोन भरलेल्या लोकल एकमेकींच्या बाजूने गेल्या आणि दारात लटकलेले प्रवासी खाली पडले, काही जणांचा जीव गेला. त्यानंतर साध्या लोकललाही आपोआप बंद होणारे दरवाजे लावायची घोषणा झाली. सगळ्या गाड्यांना दारं लागेपर्यंत शहाणपण आपल्यालाच दाखवावं लागणार. आणि ज्याला आत सरकायचं नाही पण दारही सोडायचं नाही, अशा माणसाला कुठलीही घोषणा पुरत नाही, हे माझं मत.

तिकीट कुठून काढू? रांग फार असते.

खिडकीवर उभं राहायची गरज आता खरं तर उरली नाही. मशीन आहे (एटीव्हीएम), मोबाईलवर आहे, आधी यूटीएस ॲप होतं आणि जुलै २०२५ पासून रेलवन आलंय. मोबाईलवरचं तिकीट स्टेशनच्या बाहेर असतानाच काढा, प्लॅटफॉर्मवर टीसी दिसल्यावर काढायला गेलात तर ॲप काढू देत नाही, ते मुद्दाम तसंच केलंय. सगळ्यात स्वस्त सेकंड क्लासचं तिकीट ५ रुपये. विनातिकीट सापडलात तर भाड्यावर किमान २५० रुपये दंड, म्हणजे पाच रुपयांची पन्नास तिकिटं. आणि सेकंडचं तिकीट घेऊन फर्स्टमध्ये बसलात तर ते "चुकून" कोणी मानत नाही, ठाण्याला जिन्याच्या तोंडाशी टीसी उभे असतात आणि त्यांना चालण्यावरून कळतं.

पास कितीचा काढावा, महिन्याचा की वर्षाचा?

रोज जाणार असाल तर तीन महिन्यांचा तरी काढा. तीन महिन्यांच्या पासाला २.७ महिन्यांचे पैसे पडतात, सहा महिन्यांच्याला ५.४ चे आणि वर्षाच्या पासाला १०.८ चे. म्हणजे वर्षाला सव्वा महिना जवळजवळ फुकट. पास संपायच्या दहा दिवस आधीपासून रिन्यू करता येतो, शेवटच्या दिवशी रात्रीपर्यंत थांबायचं काहीच कारण नाही. विद्यार्थ्यांना सवलत आहे, कॉलेजमधून फॉर्म भरून आणावा लागतो. साधा सेकंड क्लासचा पास एसी लोकलमध्ये चालत नाही, हा प्रश्न रोज कोणीतरी चढल्यावर विचारतो.

बाहेरगावच्या गाड्या ठाण्याला थांबतात का, की दादरलाच जावं लागतं?

बऱ्याच थांबतात. कोकणात जाणाऱ्यांसाठी तर ठाणं दादरपेक्षा बरं, कोकणकन्या, मांडवी, तुतारी, मडगावची वंदे भारत, सगळ्या थांबतात. गाडी इथे दोन-चार मिनिटंच असते आणि लोकलची गर्दी असते, त्यामुळे चार बॅगा, आजी आणि आंब्याची पेटी असं असेल तर अर्धा तास आधी या आणि डबा कुठे येतो ते बघून उभे राहा. रिझर्व्हेशन आता ६० दिवस आधी उघडतं, आधी १२० होते, नोव्हेंबर २०२४ पासून बदललं. गणपतीचं तिकीट काढायचं असेल तर कॅलेंडरवर मागे मोजून तारखेला खूण करा, सकाळी आठला खिडकी उघडते आणि काही मिनिटांत वेटिंग सुरू.

रविवारी मेगाब्लॉक आहे हे कसं कळणार?

शुक्रवार-शनिवारी मध्य रेल्वे जाहीर करते, पेपरात आणि सोशल मीडियावर येतं. साधारण सकाळी अकरा ते दुपारी चार. मेन लाईनवर ब्लॉक असला की बहुतेक वेळा फास्ट गाड्या स्लोवर वळवतात, गाडी मिळते पण वेळ लागतो. कधी ट्रान्स हार्बर बंद असते, तेव्हा मात्र पर्याय बसच.

पावसात काय होतं?

सायन-कुर्ल्याला पाणी भरलं की मुंबईच्या बाजूची लोकल थांबते आणि मग ठाण्याहूनच गाड्या मागे फिरवतात, ठाणे ते कर्जत, ठाणे ते कसारा एवढ्याच. म्हणजे त्या दिवसापुरतं ठाणं परत १८५३ सारखं शेवटचं स्टेशन, फक्त उलट्या बाजूने. अशा वेळी प्लॅटफॉर्मवर थांबून राहण्यापेक्षा ट्रान्स हार्बर चालू आहे का बघा, बऱ्याचदा ती चालू असते आणि वाशीमार्गे काहीतरी मार्ग निघतो. ऑफिस अर्ध्यातून सोडलं असेल तर अंधाराची वाट बघू नका, लवकर निघा.

स्टेशनबाहेर पडल्यावर बस-रिक्षा कुठे मिळते?

पश्चिमेला सॅटिस आहे, वर टीएमटीच्या बस आणि खाली रिक्षा. ब्रिजवरून थेट बसच्या डेकवर जाता येतं, घोडबंदर रोडला जाणाऱ्यांनी खाली उतरून परत वर चढायचा व्यायाम करू नये. एसटी स्टँड पण स्टेशनच्या शेजारीच. पूर्वेला कोपरीच्या बाजूला रिक्षा आहेत आणि तिथे गर्दी तुलनेने कमी, त्यामुळे नातेवाईक गाडी घेऊन न्यायला येणार असतील तर त्यांना पूर्वेला बोलवा.

फोन चोरीला गेला / बॅग गाडीतच राहिली, आता?

बॅग राहिली असेल तर ताबडतोब १३९ ला फोन करा किंवा स्टेशन मास्तर नाहीतर आरपीएफला (रेल्वे सुरक्षा दलाला) गाठा, आणि गाडीची वेळ, कुठून कुठे, पुढून की मागून कितवा डबा, एवढं सांगा. डबा सांगता आला तर पुढच्या स्टेशनला माणूस चढून बॅग उतरवतो, असं होतं, आरपीएफचं "ऑपरेशन अमानत" यासाठीच आहे. चोरी असेल तर तक्रार लोहमार्ग पोलिसांकडे, त्यांचा हेल्पलाईन नंबर १५१२. "ही हद्द आमची नाही" असं कोणी म्हणालं तर झिरो एफआयआर मागा, तो कुठल्याही पोलीस ठाण्यात घ्यावा लागतो. फोन सरकारच्या सीईआयआर पोर्टलवर ब्लॉक करा, त्यासाठी आयएमईआय नंबर लागतो, तो आज घरी गेल्यावर कुठेतरी लिहून ठेवा.

रूळ ओलांडला तर काय होतं, दोन मिनिटं वाचतात.

रेल्वे कायद्याच्या कलम १४७ खाली हजार रुपयांपर्यंत दंड किंवा सहा महिन्यांपर्यंत कैद. आणि ठाण्याला एकाच वेळी चार-पाच रुळांवर गाड्या असतात, एकीकडे बघताना दुसरीकडून येते. सरकते जिने आणि लिफ्ट आहेत, वापरा.

मेट्रो आणि बुलेट ट्रेन याच स्टेशनला जोडणार का?

बुलेट ट्रेनचं "ठाणे" हे इथे नाही, ते दिव्याच्या बाजूला म्हातार्डीला आहे, तेव्हा नावावर जाऊ नका. मेट्रो ४ चा मार्ग वडाळा ते कासारवडवली आहे आणि तोही रेल्वे स्टेशनला येत नाही. स्टेशनला थेट येणार ती ठाण्याची रिंग मेट्रो, २९ किलोमीटर, २२ स्टेशनं, केंद्राने ऑगस्ट २०२४ मध्ये मंजूर केली, त्यातलं रेल्वे स्टेशनजवळचं मेट्रो स्टेशन जमिनीखाली असणार आहे.

ठाणे आणि मुलुंडच्या मधे नवीन स्टेशन होणार ते खरं का?

प्लॅन आहे, मनोरुग्णालयाच्या जागेवर, आणि त्या जमिनीचा वाद हायकोर्टापर्यंत जाऊन आलाय. वागळे इस्टेट आणि घोडबंदर रोडची माणसं तिथे चढली-उतरली तर जुन्या स्टेशनावरचा भार कमी होईल हा हिशोब. मला विचाराल तर ठाण्याला यापेक्षा गरजेचं दुसरं काही नाही, जुन्या जागेत अजून एक सरकता जिना बसवून फार काही होणार नाही. पण त्या भरवशावर आत्ता तिकडे फ्लॅट बुक करू नका, बिल्डरच्या जाहिरातीत "स्टेशनपासून पाच मिनिटं" लिहिलेलं असेल तर कुठलं स्टेशन ते आधी विचारा.